दुसरा स्पर्श

वर्सोवा गावातला एक तरुण मालवाहू जहाजावर नोकरी करतो. सात-आठ महिने पाण्यावर, मग दोन-तीन महिने घरी. जगभरच्या जहाजांवर फिलिपिनो खलाशांचा मोठा भरणा असतो, त्यामुळे याचे सोबतीही बहुतेक तिकडचेच. मागे एका सुट्टीत तो म्हणाला, ''काका, आपल्याकडे पोरं क्रिकेटचा स्कोअर विचारतात ना, तसं हे लोक बास्केटबॉलच्या खालोखाल बायकांच्या व्हॉलीबॉलचा विचारतात. बंदर जवळ आलं, रेंज मिळाली, घरी बोलून झालं, की लगेच मॅच.'' मग त्याने मोबाइल काढून मला एक सामना दाखवला. प्रेक्षागार गच्च भरलेलं. एका मुलीने उंच उडी घेऊन चेंडू मारला आणि सगळा जमाव उभा राहिला. तो तिच्याकडे बघत होता. मी बघत होतो तिच्या शेजारच्या मुलीकडे. गुण मिळाल्यावर तिच्याकडे कुणी पाहिलंसुद्धा नाही.

याला कारण आहे. शाळेत मी व्हॉलीबॉल खेळायचो. उंची बेताची, म्हणून मला जाळ्याजवळ उभं करत आणि सांगत, ''तू फक्त उचलून दे.'' आमच्या मैदानावर त्याला 'लिफ्टर' म्हणत, पुस्तकात 'सेटर'. बक्षीस समारंभात मारणाऱ्यांची नावं पुकारली जायची. तो सल इतक्या वर्षांनी राहिला आहे असं नाही. पण 'फक्त' हा शब्द राहिला. त्या दिवशी मोबाइलवर दिसलेल्या मुलीचं नाव जिया मोरादो. लग्नानंतर ती जिया दे गुझमान झाली. तिच्या कारकिर्दीचा माग काढता काढता मी त्या 'फक्त'चाही माग काढत गेलो.

आधी खेळ समजून घेऊ. मैदान 18 मीटर लांब, 9 मीटर रुंद. मध्ये जाळं; बायकांसाठी त्याची उंची 2.24 मीटर. एका बाजूला सहा जणी. चेंडू आपल्या बाजूला आला की जास्तीत जास्त तीन स्पर्शांत तो पलीकडे गेला पाहिजे आणि एकीने लागोपाठ दोनदा स्पर्श करायचा नाही. पहिला स्पर्श म्हणजे आलेला चेंडू झेपवणं, तिसरा म्हणजे मारणं. या दोहोंच्या मधला दुसरा स्पर्श सेटरचा. म्हणजे संघाच्या जवळपास प्रत्येक हल्ल्यात चेंडू तिच्या बोटांतून जातो. एवढ्या वेळा चेंडूला हात लावणारी दुसरी खेळाडू संघात नसते.

तो स्पर्श फार कडक नियमांत बांधलेला आहे. चेंडू हातात थांबला किंवा दोन हातांना वेगवेगळ्या क्षणी लागला, तर पंचांची शिट्टी वाजते. पहिला स्पर्श चुकला तर सेटरने धावत जाऊन, वाकून, प्रसंगी गुडघ्यावर येऊन तोच चेंडू नीट करायचा. त्यात समोरच्यांच्या सर्व्हिसवर गुण मिळवला की संघ एक-एक जागा सरकतो. सेटर पुढच्या रांगेत आली की दुसऱ्या स्पर्शालाच चेंडू हळूच पलीकडे टाकण्याची मुभा तिला असते. मागच्या रांगेत गेली की जाळ्याजवळून, जाळ्यापेक्षा उंच असलेला चेंडू तिला पलीकडे मारता येत नाही. ती पुढे असताना पुढच्या रांगेत मारणाऱ्या दोघी, मागे असताना तिघी. हे सगळं गणित तिला प्रत्येक चेंडूला नव्याने मांडावं लागतं.

आणि खरं काम तर याच्याही पुढचं आहे. समोरच्या संघातल्या अडवणाऱ्या मुली सेटरच्या खांद्याकडे, मनगटाकडे बघत असतात. चेंडू डावीकडे जाणार की उजवीकडे, हे त्यांना अर्धा क्षण आधी कळलं, तर दोघी-तिघी मिळून भिंत उभी करतात. नाही कळलं, तर मारणारीसमोर एकच जोडी हात उरते, कधी तेही नाही. सेटर चेंडू उचलून देते, हे अर्धंच खरं. ती समोरच्यांना चकवते आणि आपल्या मारणारीसाठी वाट मोकळी करते.

मराठी वाचकाला हे समजायला लांब जायला नको. खो-खोमध्ये आठ जणी रांगेत बसलेल्या, नववी पाठलाग करणारी. तिने कुणाच्या पाठीला हात लावून 'खो' म्हणायचं, यावर गडी बाद होणार की निसटणार हे ठरतं. गडी बाद करणारीचं नाव गुणपत्रकात येतं. योग्य क्षणी, योग्य पाठीवर हात ठेवणारीचं येत नाही. सेटर म्हणजे खो देणारी, एवढं सांगितलं की आमच्या गल्लीतल्या पोरींना ताबडतोब कळतं.

या दुसऱ्या स्पर्शाचा जन्म फिलिपिन्समधला, हे मला फार उशिरा कळलं. विल्यम मॉर्गन याने 1895 साली अमेरिकेत हॉलिओक गावच्या वाय.एम.सी.ए.त व्हॉलीबॉल शोधलं, ते दमलेल्या प्रौढ माणसांना झेपेल असा खेळ म्हणून. त्यात मारामारी नव्हती. चेंडू इकडून तिकडे टोलवायचा, बस्स. वाय.एम.सी.ए.च्याच माणसांनी तो आशियात नेला. एकाने चेंडू उंच चढवायचा आणि दुसऱ्याने उडी मारून तो खाली ठोकायचा, ही जोडगोळी फिलिपिन्समध्ये 1916च्या सुमारास रूढ झाली. तिकडे त्या फटक्याला 'बोंबा' म्हणत, म्हणजे बॉम्ब. पुढे 1920च्या सुमारास तीन स्पर्शांची मर्यादा आली, आणि मधल्या स्पर्शाला कायमची जागा मिळाली. खेळाच्या इतिहासात फटक्याचं नाव राहिलं. तो ज्याच्यामुळे शक्य झाला त्या उचलण्याला असं गाजणारं नाव मिळालं नाही.

जियाचा जन्म 1995चा. मनिलाच्या आतेनेओ विद्यापीठाच्या संघात ती आली तेव्हा समोर ला साल हे विद्यापीठ होतं: सलग तीन वर्षांचे विजेते, आणि 2014च्या त्या हंगामात साखळीतले 14 पैकी 14 सामने जिंकलेले. तिथल्या नियमानुसार अशा अपराजित संघाला अंतिम फेरीत तीनदा हरवावं लागे. त्याला मात्र दोनच विजय पुरत. आतेनेओने ते केलं. पहिला सामना जिंकला, दुसरा हरला, मग उरलेले दोन्ही जिंकले. त्यांचं त्या स्पर्धेतलं ते पहिलंच विजेतेपद. जिया तेव्हा संघात नवखी होती. फटके होते अलिसा वाल्देझचे, आणि देशभर नाव झालं तेही तिचं. त्यात अन्याय काही नाही, ती तशीच खेळाडू आहे. पुढच्या वर्षी थाई प्रशिक्षक ताई बुंडिट यांच्या हाताखाली हाच संघ सगळे 16 सामने जिंकून विजेता झाला. त्यानंतर सलग दोन वर्षं ला सालने अंतिम फेरीत हिशोब चुकता केला.

2017 साली क्रीमलाइन या आइस्क्रीमच्या नावाने संघ निघाला. वाल्देझ तिथे गेली, जियाही गेली. त्यांची स्पर्धा, प्रीमियर व्हॉलीबॉल लीग, 2021 पासून अधिकृतपणे व्यावसायिक झाली. पहिला व्यावसायिक हंगाम कोविडमुळे इलोकोस नॉर्ते प्रांतातल्या बाकारा गावी, प्रेक्षकांविना झाला, आणि त्याच्या अंतिम फेरीत क्रीमलाइन हरलं. पण 2018, 2019, 2022, 2023 या वर्षांत विजेतेपदं येत गेली आणि उत्कृष्ट सेटरचा मान जियाकडे पुन्हा पुन्हा आला. 2023 साली ती जपानला डेन्सो एअरीबीज या संघात गेली. मोटारींचे सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीचा हा संघ.

जपानमधल्या कंपनी-संघांना मोठी परंपरा आहे. 1964च्या टोकियो ऑलिंपिकमध्ये व्हॉलीबॉल पहिल्यांदा आलं. त्यात सुवर्णपदक मिळवणाऱ्या जपानी बायकांपैकी बहुतेक निचिबो या कापड कंपनीच्या काइझुका गिरणीतल्या होत्या. आपल्या गिरणगावातही गिरण्यांचे कबड्डी संघ होते. आपल्या गिरण्या गेल्या. तिकडेही बऱ्याच गेल्या. पण कंपनीने संघ सांभाळायचा, ही रीत तिथे टिकली.

परदेशी सेटरला परक्या देशात घेणं ही जोखीम असते. मारणारी भाषेवाचून मारू शकते. सेटरला पाचही जणींच्या सवयी ठाऊक हव्यात. कुणाला चेंडू उंच लागतो, कुणाला सपाट, कोण दोन चुकांनंतर खचते, कोण चिडून जास्त चांगलं मारते. ही ओळख नव्या भाषेत, नव्या देशात पहिल्यापासून करून घ्यायची. मे 2024 मध्ये मनिलात आशियाई चॅलेंज चषक झाला. जिया फिलिपिन्सची कर्णधार होती. संघाला कांस्यपदक मिळालं, या स्पर्धेतलं देशाचं पहिलं पदक, आणि उत्कृष्ट सेटर ठरली तीच. 2025 मध्ये हनोईला याच मालिकेतल्या स्पर्धेत संघ रौप्यपदकापर्यंत पोचला.

इथपर्यंतची गोष्ट सरळ आहे. आता अडचणीची बाजू. जिया जपानला गेली आणि क्रीमलाइन कोसळलं, असं झालं असतं तर माझा मुद्दा आपोआप सिद्ध झाला असता. तसं झालं नाही. इतकी वर्षं तिच्यामागे राखीव बसणारी काइल नेग्रितो पुढे आली, आणि 2024 साली संघाने वर्षातल्या तिन्ही स्पर्धा जिंकल्या. मग सेटरची किंमत ती काय?

या प्रश्नाने मला बरेच दिवस सतावलं. मारणारीचं काम गुणांत मोजता येतं. सेटरचं कसं मोजायचं? कुठे सोबतीणीने गुण मिळवला तरच तिच्या नावावर आकडा पडतो. कुठे तिने मारणारीला अडवणुकीतून किती मोकळं केलं ते बघतात. दोन्हींत तिची नोंद दुसरीच्या हातावर अवलंबून. मला वाटतं, नेग्रितोचं यश हाही एक पुरावाच आहे. ती काही रिकाम्या मैदानावर तयार झाली नाही. रोजच्या सरावात तिच्यासमोर देशातली सर्वोत्तम सेटर होती, आणि मारणाऱ्या मुलींना वेळेवर, हव्या त्या उंचीवर चेंडू मिळण्याची सवय आधीच लागलेली होती. चांगली सेटर जाते तेव्हा मागे घडी बसलेला संघ ठेवून जाते. पण हा माझा तर्क झाला. वाचकांनी तो तपासून घ्यावा.

एका गोष्टीबद्दल मात्र मला शंका नाही. सेटरबद्दल लिहिताना आपण लगेच त्यागाची भाषा वापरतो: स्वतः मागे राहून दुसऱ्याला मोठं करणारी, वगैरे. बाईबद्दल असेल तर अधिकच. जियाचे सामने बघताना मला त्याग कुठे दिसला नाही. मला निर्णय घेणारी बाई दिसली. सामना बरोबरीत असताना चेंडू कुणाला द्यायचा हे ती ठरवते. सगळे वाल्देझकडे बघत असताना ती मधल्या मुलीला चेंडू देते. कधी कुणालाच न देता स्वतःच पलीकडे टाकते. त्या कामाला मोबदला मिळतो, करार होतो, परदेशातून बोलावणं येतं. 'फक्त उचलून देणं' हा पेशा आहे.

आपल्याकडे तो कुणाला करता येईल? भारतातही प्राइम व्हॉलीबॉल लीग आहे, 2022 पासून. योगायोगाने फिलिपिन्सच्या आणि आपल्या लीगची इंग्रजी आद्याक्षरंही तीच. त्यात मुंबई मिटिऑर्स नावाचा संघ आहे. फरक इतकाच, की तिकडची लीग बायकांची आणि इकडची पुरुषांची. 2019ची प्रो व्हॉलीबॉल लीगही पुरुषांचीच होती. आपल्या व्हॉलीबॉल खेळणाऱ्या मुलीचा भरवसा अजून नोकरीवर आहे: रेल्वे, पोलीस, किंवा राज्य सरकारी नोकऱ्यांतलं खेळाडूंचं 5 टक्के आरक्षण. या वाटेने शेकडो घरं उभी राहिली, तिला कमी लेखायचं कारण नाही. पण तिथे खेळ हा नोकरीत शिरण्याचा दरवाजा असतो; खेळ हीच नोकरी नसते.

शेजारच्या खेळांतलं चित्र संमिश्र आहे. 2016 साली बायकांची कबड्डी लीग तीन संघांनिशी एक हंगाम झाली. त्यातल्या आइस दिवाज संघाची कर्णधार होती अर्जुन पुरस्कार मिळवलेली मुंबईची अभिलाषा म्हात्रे. दुसरा हंगाम झाला नाही. जानेवारी 2025 मध्ये दिल्लीला खो-खोचा पहिला विश्वचषक झाला. महाराष्ट्राच्या प्रियांका इंगळेच्या नेतृत्वाखाली भारतीय मुलींनी अंतिम सामन्यात नेपाळला 78-40 असं हरवलं. क्रिकेटमध्ये 2023च्या पहिल्या लिलावात सांगलीच्या स्मृती मानधनावर 3 कोटी 40 लाखांची बोली लागली. म्हणजे आपल्याकडे गुणवत्ता नाही किंवा पैसा नाही, असं म्हणता येत नाही. पैसा दिसणाऱ्या फटक्यामागे जातो, आणि एकदा गेल्यावर दर वर्षी परत येईलच असं नाही. फिलिपिन्समध्ये आज जी लीग दिसते तिची मुळं 2004 साली सुरू झालेल्या महाविद्यालयीन संघांच्या स्पर्धेत आहेत. व्यावसायिक व्हायला तिला सतरा वर्षं लागली. दरम्यान मुली खेळत राहिल्या आणि लोक बघत राहिले.

गेल्या महिन्यात तो जहाजवाला पुन्हा घरी आला. संध्याकाळी ओहोटीच्या वेळी वर्सोव्याच्या किनाऱ्यावर गावातल्या काही मुलींनी दोन बांबू रोवून मासेमारीचं जुनं जाळं बांधलं होतं. सगळ्यांनाच मारायचं होतं, म्हणून खेळ काही जमेना. शेवटी एक बारीकशी मुलगी वैतागून मध्ये उभी राहिली आणि ओरडली, ''गप उभ्या रहा, मी सांगेन तिनेच मारायचं!'' त्यानंतर खेळ जमला. मी त्याला म्हटलं, ''हिचं नाव विचारून ठेव.''