लेन्स गेल्यानंतरचा पीएस टू

2013 च्या जानेवारीत सोनीने प्लेस्टेशन टू म्हणजेच पीएस टू या गेमच्या यंत्राचे उत्पादन थांबवल्याचे सांगितले. त्याच वर्षाच्या अखेरीला आलेला फुटबॉलचा 'पीईएस 2014' हा त्यावरच्या शेवटच्या गेमपैकी एक. ठाणे, डोंबिवली, कल्याणच्या घरांत मात्र तेव्हा हे यंत्र ऐन भरात होते. त्यातल्या कित्येक घरांत डिस्क घालायचे झाकण महिनोन्महिने उघडलेच जात नव्हते. समोरच्या छोट्या खाचेत पेन ड्राइव्ह खोचलेला असायचा आणि गेम त्यावरून चालायचे. हे कसे घडत गेले ते नीट लिहून ठेवावे असे बरेच दिवस मनात होते, कारण या पट्ट्यातली एक पिढी यंत्राच्या पोटात शिरून काही शिकली असेल, तर ती यातून शिकली.

पीएस टू जपानमध्ये मार्च 2000 मध्ये आला. आपल्याकडे तो आधी आखाती देशांतल्या नातेवाइकांच्या बॅगेतून आणि मग मुंबईच्या बाजारांतून आला. डोंबिवलीकरांसाठी बाजार म्हणजे लॅमिंग्टन रोड. दादरला गाडी बदलायची, ग्रँट रोडला उतरायचे आणि परतताना खोका मांडीवर घेऊन गर्दीत बसायचे. मशीन घेताना दुकानदाराचा पहिला प्रश्न असे, 'चिपवाला पाहिजे की साधा?' चिप बसवलेल्या मशीनवर कॉपी केलेल्या डिस्क चालत. मूळ डिस्क बहुतेक घरांच्या आवाक्याबाहेर होती, त्यामुळे साध्याला गिऱ्हाईक कमी. ज्यांच्या घरी मशीन नव्हते त्यांच्यासाठी इमारतीखालच्या गाळ्यातले गेम पार्लर होते. तासावर पैसे, दोन रिमोट, आणि पाठीमागे नंबर लावून उभी असलेली पोरे. 'क्रिकेट 07', कुस्तीचा 'हिअर कम्स द पेन' आणि 'सॅन अँड्रियास' या तीन गेमवर पार्लरचे भाडे निघत असावे.

या सगळ्याचा नाजूक भाग होता लेन्स. कारखान्यात छापलेल्या डिस्कपेक्षा घरी राइट केलेली डिस्क प्रकाश कमी परतवते, म्हणून ती वाचताना लेझरवर जास्त ताण येतो. त्यात आपल्याकडची धूळ आणि चार महिन्यांचा ओलावा. सुरुवातीला गेम मध्येच अडकायचा, मग आतून टक-टक आवाज येऊ लागायचा, आणि शेवटी लाल पडद्यावर डिस्क वाचता येत नसल्याचा संदेश. 'लेन्स वीक झालीय,' असे म्हणून दुरुस्तीवाला मशीन उघडायचा. लेन्सच्या पट्टीवर एक इवलासा स्क्रू असतो, त्याने लेझरची ताकद कमी-जास्त होते. तो बारीक पेचकसाने केसभर फिरवला की मशीन पुन्हा डिस्क वाचू लागायचे. पण वाढवलेल्या ताकदीने लेझर लवकर झिजायचा आणि काही महिन्यांत गिऱ्हाईक परत दारात. नवी लेन्स मिळायची, पण ती किती टिकेल याचा भरवसा कोणी देत नसे.

डिस्कशिवाय खेळण्याची वाट परदेशात तोवर सापडली होती. सुरुवातीच्या जाड्या मॉडेलला मागे एक मोकळा कप्पा होता. त्यात नेटवर्क अॅडॉप्टर आणि संगणकाची हार्ड डिस्क बसे, आणि 'एचडी लोडर' या सॉफ्टवेअरने 2004 पासून गेम थेट तिच्यावरून चालत. आपल्याकडे तो अॅडॉप्टरच दुर्मीळ होता. 2004 मध्ये आलेल्या स्लिम मॉडेलात तर सोनीने कप्पाच काढून टाकला. राहिले समोरचे दोन यूएसबी पोर्ट. ते होते कीबोर्ड, कॅमेरा, माइक अशा वस्तूंसाठी. 2007 मध्ये 'सिंगस्टार बॉलिवूड' आला तेव्हा त्याचे माइक तिथेच जोडायचे. त्या पोर्टातून आख्खा गेम ओढून आणता येईल, हे सोनीच्या हिशेबात नव्हते.

2008 मध्ये 'फ्री मॅकबूट' आले आणि चिपची गरजच संपली. हे सॉफ्टवेअर आठ एमबीच्या मेमरी कार्डावर बसते आणि मशीन सुरू होताच ताबा घेते. गंमत अशी की ते कार्डावर बसवायला आधीपासून कुलूप उघडलेले एखादे मशीन लागते. मेमरी कार्डाला स्वतःची कुलूपबंदी आहे, त्यामुळे एका कार्डावरच्या फायली दुसऱ्यावर नुसत्या उतरवून भागत नाही. मशीनने त्या नव्या कार्डासाठी पुन्हा बांधाव्या लागतात. म्हणजे विरजणासारखेच: दही लावायचे तर आधी कोणाकडून तरी चमचाभर दही आणायला हवे. ठाण्यातल्या एखाद्या चिपवाल्या मशीनवर पहिले कार्ड तयार व्हायचे, ते कॉलेजच्या मित्राबरोबर कल्याणला जायचे, तिथे आणखी दोन कार्डे व्हायची. दुकानाची पायरी न चढता मशिने उघडत गेली. अगदी शेवटच्या काळात बनलेल्या स्लिमवर मात्र हे चालत नसे, म्हणून जुने मशीन विकत घेताना मुले ते उलटे करून तळावरचा मॉडेल नंबर वाचू लागली.

खरे शिक्षण यानंतर सुरू व्हायचे. कार्डावरून 'ओपन पीएस टू लोडर' उघडायचा, सगळे त्याला ओपीएल म्हणत. त्याला पेन ड्राइव्ह एफएटी 32 पद्धतीनेच फॉरमॅट केलेला लागे, आणि त्या पद्धतीत चार जीबीपेक्षा मोठी फाइल मावत नाही. डीव्हीडीवरचे मोठे गेम सहज त्याच्या वर जात. मग यूएसबीयूटिल नावाच्या छोट्या प्रोग्रामने गेमचे एक-एक जीबीचे तुकडे करायचे. तेवढ्यावरही भागत नसे. ओपीएलला गेमची फाइल ड्राइव्हवर सलग लागायची. एक गेम काढून त्या जागी दुसरा टाकला की नवी फाइल मोकळ्या सापडतील तशा जागांत विखरून बसायची. यादीत गेमचे नाव दिसे, पण निवडला की तो चालत नसे. उपाय एकच: सगळे पुसायचे, फॉरमॅट करायचे आणि गेम एकामागून एक, मध्ये काहीही न पुसता भरायचे. फाइल डिस्कवर कुठे आणि कशी बसते हे आमच्या भागातल्या कित्येक मुलांना कॉलेजच्या पुस्तकाआधी इथे कळले. मला याचे मोल फार वाटते.

यूएसबीचा वेग ही खरी अडचण होती. पीएस टूचे पोर्ट जुन्या 1.1 पिढीचे. त्यातून सेकंदाला जेमतेम एक एमबी माहिती येते. मशीनची स्वतःची डीव्हीडी ड्राइव्ह पाचेक एमबी देऊ शकते. म्हणून मधले सिनेमासारखे प्रसंग अडखळत, आवाज तुटे. 'सॅन अँड्रियास' गाडी पळवता पळवता शहर लोड करतो, त्यामुळे तिथे हा त्रास ठळक जाणवे. सामना सुरू होण्याआधीच बरेचसे लोड करून घेणारे खेळाचे गेम त्यामानाने बरे चालत. 'क्रिकेट 07' मध्ये समालोचक रिची बेनो बोलता बोलता मध्येच थांबले तरी फलंदाजी थांबत नसे. आमच्याकडे पेन ड्राइव्हवर क्रिकेट आणि कुस्ती टिकली याचे एक कारण आवड, दुसरे हा वेग.

ज्यांच्याकडे स्लिम आणि संगणक दोन्ही होते त्यांनी आणखी चांगली वाट धरली. स्लिमला नेटवर्कची जागा आहेच. घरात केबलवाल्याने इंटरनेटसाठी ओढलेली लॅनची वायर असे. तिचाच उरलेला तुकडा दोन्ही टोकांना कनेक्टर बसवून संगणकापासून टीव्हीपर्यंत न्यायचा, गेम संगणकावर ठेवायचे आणि ओपीएलने ते तिथून वाचायचे. वेग यूएसबीपेक्षा बराच जास्त. पण संगणक चालू ठेवावा लागे, आणि त्या काळात महावितरणच्या भारनियमनाने दोन्ही एकदम बंद पडत. नेमका गेम सेव्ह होताना दिवे गेले तर मेमरी कार्डावरचे सगळेच खराब होण्याची भीती. पुढे 2017 पासून विंडोज 10 च्या नव्या आवृत्तीत ओपीएल वापरत असलेली फायली वाटून घेण्याची जुनी पद्धत आपोआप बसणे बंद झाले, आणि बऱ्याच घरांत ती वायर गुंडाळून ठेवली गेली.

दरम्यान दुकानांनीही रंग बदलला. 'गेम भरून मिळतील' अशा पाट्या लागल्या, जुन्या मशीनसोबत गेमनी भरलेली हार्ड डिस्क मिळू लागली. ही गोष्ट मला आजही खटकते. स्वतःच्या झिजलेल्या मशीनसाठी, स्वतःच्या डिस्कमधून गेम काढून घेणे वेगळे आणि शेकडो गेम भरून विकणे वेगळे. आपला 1957 चा कॉपीराइट कायदा संगणक प्रोग्रामची प्रत कायदेशीरपणे जवळ असणाऱ्याला ती खराब होण्यापासून तात्पुरते संरक्षण म्हणून बॅकअप घेऊ देतो. 2012 च्या दुरुस्तीने मात्र कुलपे तोडण्याबाबतचे कलम 65 अ त्यात घातले. खटकण्याचे आणखी एक कारण म्हणजे याच काळात आपल्याकडेही पीएस टूसाठी गेम बनत होते. मुंबईच्या ट्राइन गेम्सने गल्ली क्रिकेटवर 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' केला, 2011 मध्ये 'रा.वन' चा गेम केला. हैदराबादच्या गेमशास्त्रने 'देसी अड्डा' मध्ये आपले मैदानी खेळ आणले. भरलेल्या हार्ड डिस्कच्या भल्या मोठ्या यादीत हे गेम मला क्वचितच दिसले, आणि मूळ डिस्क तर फारच थोड्यांनी घेतल्या.

आता ही वाट पुष्कळ सोपी झाली आहे. 2020 मध्ये 'फ्री डीव्हीडी बूट' आले. एक डिस्क राइट करून घातली की पीएस टूच्या डीव्हीडी प्लेयरमधल्या दोषातून मशीन उघडते. विरजण मागायला जायला नको, फक्त लेन्सने ती एक डिस्क वाचायला हवी. ओपीएलच्या नव्या आवृत्त्यांत एक्सएफएटी ड्राइव्ह चालतो, म्हणजे तुकडे करण्याची कटकट गेली. मेमरी कार्डाच्या खाचेत एसडी कार्ड बसवायचे अॅडॉप्टरही मिळतात आणि ते यूएसबीपेक्षा वेगवान आहेत.

काळजी आहे ती डिस्कची. परदेशी गाजलेल्या गेमच्या प्रती जगभर जपलेल्या आहेत. 'स्ट्रीट क्रिकेट चॅम्पियन्स' किंवा 'देसी अड्डा' ची मूळ डिस्क डोंबिवली-ठाण्यातल्या कोणाच्या कपाटात असेल तर तिची प्रत काढायला साधी संगणकाची डीव्हीडी ड्राइव्ह पुरते. डिस्क मऊ कापडाने मधून कडेकडे पुसायची, आयएसओ फाइल बनवायची आणि ती दोन ठिकाणी ठेवायची. डिस्कचा तळ निळा असेल तर ती सीडी आहे, तिच्यासाठी सॉफ्टवेअरमध्ये वेगळा पर्याय निवडावा लागतो. हे काम यंदाच्या पावसाळ्याआधी उरकून घ्यावे; ओल्या कपाटात बुरशी लेन्सला धरते तशी डिस्कलाही धरते.