एक फाइल, अनेक प्रोग्राम

बोईसर-तारापूर एमआयडीसीतल्या एखाद्या रासायनिक कारखान्याच्या प्रयोगशाळेत नवा संगणक येतो आणि उपकरणाचं जुनं सॉफ्टवेअर अडून बसतं: ‘एमएसव्हीसीआर१००.डीएलएल सापडत नाही’.

डीएलएल ही सामायिक फाइल. आकडेमोड, मजकूर हाताळणं अशी नेहमीची कामं तिच्यात एकदाच लिहिलेली असतात, अनेक प्रोग्राम ती वापरतात. ती सुधारली की सगळ्यांचा फायदा. ती नसली, तर सगळ्यांचा खोळंबा. २००१च्या विंडोज एक्सपीपासून तिच्या वेगवेगळ्या आवृत्त्या शेजारी शेजारी ठेवता येऊ लागल्या.

नवलाची गोष्ट अशी, की ६४-बिट विंडोजमध्ये ६४-बिट फाइली ‘सिस्टिम३२’त असतात आणि ३२-बिट ‘सिसवॉव६४’त! जुनं सॉफ्टवेअर बहुधा ३२-बिट. म्हणून ही हरवलेली फाइल देणारं मायक्रोसॉफ्टचं व्हिज्युअल सी++ २०१० पॅकेज ‘एक्स८६’चं, म्हणजे ३२-बिट घ्या. अनोळखी संकेतस्थळावरची सुटी डीएलएल मात्र कृपा करून उतरवू नका. तिच्याबरोबर व्हायरसही येऊ शकतो.