सिकलसेल आणि बदलीचा आदेश

विदर्भातल्या बौद्ध वस्त्यांना सिकलसेल नवा नाही. थंडी, अतिश्रम, अंगातले पाणी कमी होणे, एवढ्यानेही रुग्णाला असह्य कळा सुरू होतात. अशा नोकरदाराची बदली रक्तपेढी नसलेल्या तालुक्यात झाली तर?

आजार आहे म्हणून बदली आपोआप रद्द होत नाही, हे आम्ही स्पष्टच सांगतो. बदली नोकरीचा भागच, असे सर्वोच्च न्यायालय मानते. कायदा मोडला किंवा आकस दिसला तरच न्यायालय हात घालते. म्हणून राज्य कर्मचाऱ्यांनी 2005 चा बदली अधिनियम वाचावा. मुदत (बहुतेकांची तीन वर्षे) भरण्याआधी बदली झाली असेल, तर विशेष कारणे लेखी हवीत आणि वरिष्ठ प्राधिकाऱ्याची पूर्वमान्यताही. ती फाईल माहिती अधिकारात मागवावी.

सिकलसेल 2016 च्या दिव्यांग हक्क कायद्यात आहे. पण 'विश्रांतीची गरज' एवढ्या चिठ्ठीने, जी आपले बांधव हमखास जोडतात, काहीच साधत नाही. उपचार कोणता, किती दिवसांनी, नव्या ठिकाणी काय मिळत नाही, हे डॉक्टरांकडून लिहून घ्यावे. रुग्ण आपले मूल असेल तर त्याचे कागद जोडावेत.

आधी वरिष्ठांना अर्ज द्यावा, पोच घ्यावी. मग मॅट: मुंबई, नागपूर किंवा छत्रपती संभाजीनगर. जिल्हा परिषदेच्या शिक्षकांना मात्र उच्च न्यायालय गाठावे लागते. स्थगिती हाती येईपर्यंत घरी बसू नये, गैरहजेरी लागते. रुजू होऊनही दाद मागता येते.