चार टालरांतून उभे राहिलेले अनाथालय

1695 च्या ईस्टरच्या सुमारास जर्मनीत हाले शहरालगतच्या ग्लाउखा गावी पाद्री आउगुस्त हेर्मान फ्रांके यांच्या दानपेटीत कुणीतरी 4 टालर 16 ग्रोशन ही तेव्हाची जर्मन नाणी टाकली. वस्ती गरीब, जागोजागी दारूचे गुत्ते. फ्रांकेंनी त्याच दिवशी 2 टालरची पुस्तके आणवली आणि एका गरजू विद्यार्थ्याला गरीब मुलांना शिकवायला ठेवले. मुलांना 27 पुस्तके वाटली, परत आली 4. बाकीची मुले पुस्तकांसकट पसार झाली. फ्रांकेंनी पुन्हा पुस्तके घेतली आणि तास संपला की ती शाळेतच ठेवून जायचे, असा नियम केला.

या शाळेला अनाथालयाची जोड मिळाली आणि 1698 मध्ये त्याच्या इमारतीचा पाया घातला गेला. 1727 मध्ये फ्रांके वारले तेव्हा तिथल्या शाळांत 2 हजारांवर मुले शिकत होती. विद्यापीठातली गरीब पोरे तिथे जेवत आणि त्या बदल्यात शिकवत. हुशार अनाथ मुलाला लॅटिन शाळेची आणि पुढे विद्यापीठाची वाट मोकळी होती. मला हेच सर्वांत मोलाचे वाटते. खेळाला मात्र तिथे थारा नव्हता. ती करडी शिस्त मुलांना जाचलीच असणार.

देणग्या येत, पण संस्था त्यांच्यावरच विसंबून राहिली नाही. तिच्या औषधालयातली औषधे दूरदेशी विकली जात. स्वतःचा छापखाना होता, पुस्तकांचे दुकान होते. 1710 मध्ये बायबल स्वस्तात छापण्याची संस्था निघाली. एरवी पान छापून झाले की अक्षरांचे खिळे सोडवून पुढच्या पानाला लावत. इथे जुळवलेली पाने तशीच बांधून ठेवत. पुढच्या आवृत्तीला जुळणीचा खर्चच नाही!

हालेत शिकलेल्या जॉर्ज म्युलरने विद्यार्थिदशेत या अनाथालयात काही काळ फुकट मुक्काम केला होता. 1836 मध्ये त्याने इंग्लंडातल्या ब्रिस्टलला अनाथ मुलींसाठी घर उघडले. त्याचे चरित्र पंडिता रमाबाईंनी वाचले आणि त्यातून बळ घेतले. दुष्काळात उघड्यावर पडलेल्या मुलींना त्यांनी केडगावला आणले, लिहायला-वाचायला शिकवले आणि हातमाग, छापखाना अशी कामेही हाती दिली. अनाथ मुलाला दोन घास देऊन भागत नाही, हे या तिघांनी ओळखले होते. रमाबाईंचे केडगावचे मुक्ती मिशन आजही चालू आहे, आणि हालेच्या त्या आवारात आजही शाळा भरतात.