गारठण्याआधी गरम पाण्याची आंघोळ!

मटार सोलायला बसलं की किती दाणे पातेल्यात जातात आणि किती तोंडात, हे तुमचं तुम्हालाच ठाऊक! थंडीत मटार स्वस्त झाला की घरोघरी दाणे फ्रीझरमध्ये भरून ठेवतात. पण त्याआधी आई किंवा आजोबा ते चक्क उकळत्या पाण्यात टाकतात. गारठवायचं तर आधी तापवायचं कशाला?

अहो, शेंग तोडली तरी आतला दाणा जिवंतच असतो! त्याच्यातली विकरं, म्हणजे एन्झाइम, अखंड कामात असतात. ती साखरेचं पिष्ट करत राहतात. म्हणून ताजा मटार गोड आणि शिळा पिठूळ लागतो. काही विकरं रंग उडवतात, काही चव बिघडवतात. घरच्या फ्रीझरमध्ये, उणे १८ अंश सेल्सिअसला, जंतूंची वाढ थांबते. विकरं मात्र नुसती मंदावतात, हळूहळू त्यांचा उद्योग चालूच! उष्णतेपुढे मात्र त्यांचं काही चालत नाही. विकरं प्रथिनांची असतात. उकळत्या पाण्यात दीड-दोन मिनिटांत त्या प्रथिनांची घडी विसकटते आणि काम बंद पडतं.

मग दाणे लगेच बर्फाच्या पाण्यात, नाहीतर ते शिजतील. तेव्हा त्यांचा रंग नक्की बघा. पेशींमधली हवा निघून गेल्यामुळे ते आधीपेक्षाही हिरवेगार दिसतात. मला हा क्षण फार आवडतो!

आता फडक्यावर कोरडे करून ताटात एकेरी थरात पसरायचे, आणि गोठले की पिशवीत भरायचे. एकेरीच का? दाटीवाटीत दाणे सावकाश गोठतात, आणि सावकाश गोठलं की बर्फाचे स्फटिक मोठे होतात. पाणी गोठताना सुमारे ९ टक्के फुगतं, हे माहीत आहे ना? मोठे स्फटिक पेशींच्या भिंती फाडतात आणि भाजी लिबलिबीत होते. झटपट गोठवलं की स्फटिक बारीक राहतात. क्लॅरेन्स बर्ड्सआय या अमेरिकन माणसाला हे लॅब्राडॉरच्या बर्फाळ प्रदेशात उमगलं. तिथल्या इन्युइट लोकांनी पकडलेले मासे कडाक्याच्या थंडीत बघता बघता गोठत आणि पुढे खातानाही ताजे लागत. पुढे त्याने झटपट गोठवणारी यंत्रं बनवली, आणि १९३० मध्ये अमेरिकेतल्या स्प्रिंगफिल्ड शहरातल्या दुकानांत गोठवलेला मटार विकायला आला.

यंदा एक प्रयोग करा. मूठभर दाणे न उकळता वेगळ्या पिशवीत ठेवा आणि दोन्ही पिशव्यांवर तारीख घाला. उकळत्या पाण्याचं काम मोठ्यांकडेच द्या हं! उन्हाळ्याच्या सुट्टीत दोन्ही मटार वेगवेगळे शिजवून घ्या आणि रंग, वास, चव वहीत टिपून ठेवा.