त्लोनची नऊ नाणी

अर्जेंटिनाचे लेखक होर्हे लुईस बोर्हेस (१८९९–१९८६) यांची ‘त्लोन, उक्बार, ऑर्बिस तेर्तियस’ ही कथा १९४० साली ‘सूर’ या नियतकालिकात प्रसिद्ध झाली. एका गुप्त मंडळाने विश्वकोशाच्या रूपाने रचलेले त्लोन हे तिच्यातले कल्पित जग असून, पाहणाऱ्याच्या मनाबाहेर वस्तूला स्वतंत्र अस्तित्व नाही, ही तिथली सर्वमान्य समजूत आहे. आयरिश तत्त्वज्ञ जॉर्ज बर्कली यांनी १७१० मध्ये असाच सिद्धांत मांडला होता; परंतु ईश्वर सर्व काही अखंड पाहत असतो, म्हणून कोणी माणूस पाहत नसतानाही जग टिकून राहते, अशी सोय त्यांनी ठेवली होती. त्लोनवासीयांना सुरुवातीला या आधाराची गरज वाटत नाही आणि तिथेच एका पाखंडी विचारवंताला, म्हणजे रूढ मताविरुद्ध बोलणाऱ्याला, आपले कोडे उभे करण्याची संधी मिळते.

ते कोडे असे आहे. मंगळवारी ‘क्ष’ एका निर्जन रस्त्याने जाताना तांब्याची नऊ नाणी हरवतो. गुरुवारी ‘य’ला त्याच रस्त्यावर चार नाणी सापडतात आणि ती बुधवारच्या पावसाने किंचित गंजलेली असतात. शुक्रवारी ‘ज्ञ’ला रस्त्यावर तीन नाणी मिळतात आणि त्याच दिवशी सकाळी खुद्द ‘क्ष’ला स्वतःच्या घराच्या ओसरीत दोन दिसतात. चार, तीन आणि दोन मिळून नऊ होतात. तेव्हा मधल्या काळात कोणाचेही लक्ष नसताना ही नाणी कुठे ना कुठे होतीच, असा पाखंड्याचा दावा आहे. आपल्याकडे शाळकरी मुलालाही जे सांगावे लागत नाही, ते त्लोनमध्ये बुद्धीला न झेपणारे अनर्थकारक मत ठरते, आणि या उलटापालटीतच कोड्याची खरी ताकद आहे. वस्तूचे सातत्य कोणीही प्रत्यक्ष पाहिलेले नसते, ते आपण दोन दर्शनांच्या मध्ये गृहीत धरतो, ही गोष्ट आपल्या जगात सहसा नजरेआड राहते. त्लोनमध्ये ती सिद्ध करण्याची जबाबदारी पाखंड्यावर येऊन पडते.

त्याच्या विरोधकांचा युक्तिवाद कमी धारदार नाही. ‘हरवली’ आणि ‘सापडली’ असे म्हणताना पहिली आणि नंतरची नाणी एकच आहेत हे आधीच मान्य केले जाते आणि पावसाने गंजल्याचा उल्लेखही तीच चोरवाट धरतो, म्हणजे जे सिद्ध करायचे तेच पुरावा म्हणून पुढे केले जाते, असे ते म्हणतात. नऊ माणसांना नऊ रात्री सारखीच वेदना झाली, तर ती एकच वेदना नऊ जणांत फिरत राहिली असे कोणी म्हणेल काय, हा त्यांचा प्रश्नही सहज बाजूला सारता येण्यासारखा नाही.

शंभर वर्षांनी परंपरानिष्ठ गोटातला एक विचारवंत तोडगा सुचवतो: पाहणारा मुळात एकच आणि अखंड आहे, क्ष, य आणि ज्ञ ही त्याचीच रूपे असल्यामुळे, क्षने नाणी हरवल्याचे ज्ञला आठवते आणि म्हणून त्याला ती मिळतात. अद्वैत वेदान्ताशी परिचित असलेल्या वाचकाला इथे ओळखीची खूण पटेल. सोळाव्या शतकातील प्रकाशानंद यांच्या ‘वेदान्तसिद्धान्तमुक्तावली’मध्ये दृष्टिसृष्टिवाद, म्हणजे वस्तू दिसणे हेच तिचे असणे होय हे मत, एकजीववादाशी, म्हणजे जीव वस्तुतः एकच आहे या मताशी जोडलेले आढळते. हे साम्य निव्वळ योगायोगाचेही नाही. बोर्हेस कथेतच या तोडग्याशेजारी जर्मन तत्त्वज्ञ शोपेनहाउअर यांचे नाव घेतात. मुघल राजपुत्र दारा शुकोह याने १६५७ मध्ये फारसीत करवलेल्या उपनिषदांच्या भाषांतराचे फ्रेंच अभ्यासक आंकेतिल-द्युपेराँ यांनी १८०१–०२ मध्ये लॅटिन रूपांतर प्रसिद्ध केले, आणि शोपेनहाउअर यांनी त्याच ग्रंथाला आपल्या आयुष्याचा आधार मानले होते. मात्र अद्वैताला नाण्यांचे मिथ्यात्व दाखवून जीवाला बंधनातून सोडवायचे आहे, तर त्लोनच्या पंडितांना आपली शास्त्रे आणि देवदेवतांची उपासना शाबूत ठेवायची आहे. शिवाय बर्कली यांचा ईश्वर या एकमेव द्रष्ट्याच्या रूपाने मागच्या दाराने परत येतो, तो वेगळाच.

पाहण्याचा हा अंमल त्लोनमध्ये तर्कापुरता उरत नाही. हरवलेली पेन्सिल दोघे शोधू लागले आणि पहिल्याने ती मिळूनही काही सांगितले नाही, तर दुसऱ्याला दुसरी पेन्सिल मिळते, आणि ती पहिलीइतकीच खरी, पण त्याच्या अपेक्षेला अधिक जुळणारी असते. उलट विस्मरणाने वस्तू झिजत जातात. एक भिकारी येत असे तोवर टिकून राहिलेली दाराची चौकट त्याच्या मृत्यूनंतर दिसेनाशी होते.

पाखंड्याची बेरीजदेखील या जगात सुरक्षित राहत नाही, कारण मोजण्याच्या क्रियेनेच अनिश्चित संख्या निश्चित होते, असे तिथले गणित मानते. त्या हिशेबाने चार, तीन आणि दोन यांची नऊ ही बेरीज रस्त्यावर आधीपासून पडलेली नव्हती, ती मोजणाऱ्यांनी घडवली. इतके मान्य केले तरी गंज उरतोच: बुधवारी पाऊस पडताना त्या नाण्यांकडे कोणी पाहत नव्हते, आणि हरवलेल्या नाण्यांच्या आठवणीतून नाणी उपजतात असे धरले, तरी क्षने नाणी हरवली तेव्हा पाऊस झालाच नव्हता.