फ्रान्सेस्को आणि फिरंगोजी : एका शब्दाची दोन नावं



या मालेत आपण आतापर्यंत मोठमोठ्या शब्दांवर बोललो. सत्य, कर्तव्य, मुक्ती वगैरे. आज एक छोटा शब्द घेऊ. मुलाचं एक नाव. तेही आपल्याकडचं नाही, इटलीतलं : फ्रान्सेस्को. आता शिरूर-दौंडच्या श्रोत्यांसमोर इटलीतलं नाव कशाला, असं कोणाला वाटेल. थोडा धीर धरा. हे नाव फिरत फिरत दौंड तालुक्यात येतं, आणि ज्या वाटेनं येतं ती वाट पाहिली की 'आपलं नाव' आणि 'परकं नाव' असं आपण सहज म्हणतो त्यात नेमकं काय म्हणतो, हा प्रश्न उभा राहतो. आजचा खरा विषय तोच आहे.

प्रथम अर्थ पाहू. मुलांच्या नावांची पुस्तकं उघडली तर फ्रान्सेस्कोपुढे दोन अर्थ दिसतात. एक, 'फ्रान्सचा, फ्रेंच माणूस'. दुसरा, 'स्वतंत्र'. दोन्ही एकाच मुळातून आले आहेत. फ्रँक नावाच्या जर्मानिक टोळ्या होत्या. रोमन साम्राज्य मोडकळीला आलं तेव्हा त्यांनी गॉल प्रांतात राज्य उभं केलं. त्यांच्यावरून त्या देशाला फ्रान्स म्हणू लागले. त्यांचाच राजा शार्लमेन इ. स. ८०० मध्ये रोममध्ये सम्राट झाला. फ्रँकांच्या राज्यात पूर्ण स्वातंत्र्य भोगणारा माणूस म्हणजे मुख्यतः फ्रँक. म्हणून लॅटिनमध्ये 'फ्रँक' शब्दाला 'स्वतंत्र' हा अर्थ चिकटला. इंग्रजीत मोकळेपणानं बोलणाऱ्याला फ्रँक म्हणतात, तो हाच शब्द. राज्यकर्त्यांच्या जातीचं नाव पुढे गुणाचं नाव होतं, ही गोष्ट आपल्याला काही नवीन नाही.

आता हे नाव प्रसिद्ध कसं झालं ते पाहू. इटलीत असिसी नावाचं गाव आहे. तिथे पिएत्रो दी बेर्नार्दोने हा कापडाचा व्यापारी राहत होता. ११८१ किंवा ११८२ साली त्याला मुलगा झाला. बाप व्यापारासाठी फ्रान्सला गेलेला. आईनं मुलाचा बाप्तिस्मा करवून घेतला आणि नाव ठेवलं जोव्हान्नी. परंपरा सांगते की बाप परत आला आणि त्यानं मुलाला फ्रान्सेस्को म्हणायला सुरुवात केली. म्हणजे 'आमचा फ्रेंचवाला'. ज्या देशाच्या व्यापारावर घर चाललं होतं त्या देशाचं नाव पोराला दिलं. हाच मुलगा पुढे घरदार, पैसा, बापाचं कापड सगळं सोडून भिक्षेवर जगणारा संत झाला. १२२६ साली तो वारला. दोनच वर्षांत, १२२८ मध्ये, चर्चनं त्याला संत घोषित केलं. त्याच्या आधी हे नाव विरळ होतं. त्याच्यानंतर ते घरोघर गेलं. कवी पेत्रार्क १३०४ साली जन्मला, तोही फ्रान्सेस्कोच. १९३९ पासून संत फ्रान्सिस इटलीचा पालक संत आहे, आणि ४ ऑक्टोबर हा त्याचा सणाचा दिवस. २०१३ साली अर्जेंटिनाचे होर्हे मारिओ बेर्गोलिओ पोप झाले, तेव्हा त्यांनी फ्रान्सिस हे नाव घेतलं. हे नाव घेणारे ते पहिलेच पोप.

इथे जरा थांबू. इटलीतलं जे सगळ्यात इटालियन वाटणारं नाव, त्याचा शब्दार्थ आहे 'परदेशी'. इटलीच्या पालक संताचं नाव म्हणजे 'फ्रान्सवाला'. हे तिथे कोणालाच खटकत नाही. का खटकत नाही?

आपल्या शास्त्रकारांनी याचं उत्तर फार नेटकं दिलं आहे. शब्द तीन तऱ्हेनं अर्थ देतात असं ते म्हणतात. काही शब्द यौगिक असतात, म्हणजे त्यांच्या घटकांतून अर्थ निघतो. पाचक म्हणजे पचवणारा, शिजवणारा. काही रूढ असतात, तिथे घटक पाहून उपयोग नाही, लोक वापरतात तोच अर्थ. आणि काही योगरूढ. पंकज म्हणजे चिखलात जन्मलेलं, पण चिखलात जन्मलेल्या किड्याला आपण पंकज म्हणत नाही, कमळालाच म्हणतो. फ्रान्सेस्को हे नाव बापाच्या तोंडी यौगिक होतं. लोकांच्या तोंडी ते रूढ झालं.

निरुक्तात यास्कांनी एक वाद नोंदवून ठेवला आहे. शाकटायन म्हणतात, सगळी नामं धातूंपासून निघाली. गार्ग्य म्हणतात, सगळी नाही. विशेषनामांपुरतं बोलायचं तर आमचा कल गार्ग्यांकडे आहे. व्युत्पत्ती सांगून नावाचा जन्म कळतो. त्याचं आयुष्य कळायला वेगळं काही लागतं.

पश्चिमेत जॉन स्टुअर्ट मिलनं १८४३ साली तर्कशास्त्रावरच्या ग्रंथात हाच मुद्दा मांडला. डार्ट नदीच्या मुखाशी वसलेलं म्हणून एका गावाचं नाव डार्टमथ. उद्या नदीनं पात्र बदललं, मुख लांब गेलं, तरी गाव डार्टमथच राहील. विशेषनाम वस्तूकडे बोट दाखवतं, तिचं वर्णन करत नाही. आपल्याला इंग्लंडला जायची गरज नाही. शिरूरला जुनी माणसं आजही घोडनदी म्हणतात. नदीचं नाव गावाला लागलं. 'घोडनदीला बाजाराला चाललो' असं म्हणणाऱ्याच्या मनात ना घोडा असतो ना नदी.

सॉल क्रिपके या अमेरिकी तत्त्वज्ञानं १९७० साली प्रिन्स्टनला तीन व्याख्यानं दिली. त्यात त्यानं पुढचं पाऊल टाकलं. नाव त्याच्या माणसापर्यंत पोचतं कसं? तर कोणीतरी एकदा नाव ठेवतं, ते दुसरा ऐकतो, त्याच्याकडून तिसरा, आणि अशी साखळी चालत राहते. आपल्याकडे बारशाला आत्या पाळण्यात वाकून कानात 'कुर्र' करते आणि नाव सांगते, ती त्या साखळीची पहिली कडी. असिसीच्या मुलाचं मात्र मौजेचं आहे. बाप्तिस्म्याची पहिली कडी जोव्हान्नीची होती. ती तुटली आणि बापाच्या हाकेची साखळी पुढे चालली. नाव ठेवतो कोण याला महत्त्व आहेच, पण हाक मारतो कोण याला जास्त.

आता तोच 'फ्रँक' शब्द पूर्वेकडे कसा निघाला ते पाहू. धर्मयुद्धांच्या काळात, १०९९ मध्ये जेरुसलेम पडलं त्या सुमारास, पश्चिमेकडून आलेल्या सगळ्याच ख्रिस्ती लोकांना अरब फ्रँक म्हणत. अरबांच्या तोंडी तो शब्द इफ्रंज झाला, फारसीत फरंग, आणि आपल्याकडे फिरंग, फिरंगी. पोर्तुगीज आले तेव्हा शब्द तयारच होता. सोळाव्या शतकातल्या भावमिश्रांच्या 'भावप्रकाश' या आयुर्वेदाच्या ग्रंथात 'फिरंग रोग' आहे. नवा रोग, परक्यांबरोबर आलेला, म्हणून हे नाव. गंमत पाहा, त्याच रोगाला इटलीतले लोक 'फ्रेंच रोग' म्हणत होते. रोगाला नाव देताना प्रत्येकाला शेजारी आठवतो!

पण फिरंग शब्द शिवीच राहिला असं नाही. युरोपातून लांब, सरळ पाती बंदरांत उतरत. स्पेनची, जर्मनीची, इटलीची. त्यांना आपले कारागीर इथली मूठ बसवत. त्या तलवारीला नाव पडलं फिरंग. परकं पातं, आपली मूठ आणि आपला हात. मराठी रियासतीच्या काळात फिरंग हे मानाचं हत्यार होतं.

आणि तोच शब्द माणसाचं नावही झाला. शिरूरच्या शेजारी खेड तालुका, तिथे चाकणचा किल्ला. १६६० साली शाहिस्तेखानानं त्याला वेढा घातला. मूठभर मावळ्यांनिशी किल्ला जवळजवळ दोन महिने झुंजवणारा किल्लेदार म्हणजे फिरंगोजी नरसाळा. शेवटी सुरुंगानं बुरूज उडाला तेव्हा किल्ला गेला. मालोजी, दत्तोजी तसा फिरंगोजी. नावात फिरंग आहे म्हणून त्याच्या स्वराज्यनिष्ठेवर कोणी शंका घेतली नाही. नावाचा शब्दार्थ काढत बसलो तर फ्रान्सेस्को आणि फिरंगोजी यांच्या नावात एकच शब्द बसला आहे. एकाला 'जी' लागला, एवढंच!

दौंड तालुक्यात, पुणे-सोलापूर रस्त्यावर कुरकुंभ आहे. तिथली ग्रामदेवता फिरंगाई. फिरंग आणि आई, दोन्ही शब्द कानाला स्पष्ट ऐकू येतात. नवरात्रात तिथे दर्शनाला जाणारी बाई 'हे नाव परकं आहे का' असं विचारत नाही. ती आईला हाक मारते. नाव रूढ झालं म्हणजे काय, याचं याहून चांगलं उदाहरण आम्हाला शास्त्रग्रंथांतही सापडलं नाही.

आता पश्चिमेची शाखा. असिसीच्या संताचं नाव युरोपभर पसरलं, त्यातून स्पेनच्या बाजूचा एक फ्रान्सिस्को, म्हणजे संत फ्रान्सिस झेवियर, १५४२ साली गोव्यात आला. वसई १५३४ पासून पोर्तुगीजांकडे होती. १७३९ साली चिमाजीअप्पांनी ती घेतली. राज्य गेलं, नावं राहिली. ती नावं घेऊन वसईची माणसं आपापल्या मराठी बोलीत जगत आली. २०२० च्या जानेवारीत उस्मानाबादला, म्हणजे आजच्या धाराशिवला, ९३ वं अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन झालं. अध्यक्ष होते फादर फ्रान्सिस दिब्रिटो. मराठीच्या सर्वांत मोठ्या मांडवात अध्यक्षाचं नाव फ्रान्सिस होतं. त्यावरून तेव्हा कुरकुर झाली, हेही आपल्याला आठवत असेल.

म्हणून हा विषय नुसता शब्दांचा खेळ नाही. दौंड हे रेल्वेचं जंक्शन. १८७८ साली मनमाडचा फाटा निघाला आणि तऱ्हेतऱ्हेची माणसं इथे वसली. तिथल्या एका आजींनी आम्हाला विचारलं होतं, "सर, नातवाचं नाव फ्रान्सिस. शाळेत पोरं म्हणतात, तू इंग्रजांचा. त्यानं काय सांगायचं?" मूल घरी येऊन गप्प बसतं, तेव्हा तत्त्वज्ञानाच्या प्राध्यापकाला उत्तर द्यावंच लागतं. आम्ही त्यांना म्हटलं, त्याला फिरंगोजी नरसाळ्याची गोष्ट सांगा. आणि पोरांना विचारायला सांगा, कुरकुंभची देवी कोणाची? नाव कुठल्या शब्दातून निघालं ही एक गोष्ट. ते कोण कोणाला, कोणत्या भाषेत, किती मायेनं हाक मारताना वापरतं ही दुसरी. त्या मुलाला आजी मराठीत हाक मारते. त्या घरात ते नाव मराठी आहे.

नाव आणि धर्म यांची गाठही आपण समजतो तितकी घट्ट नाही. दौंड तालुक्यातल्या केडगावला पंडिता रमाबाईंनी मुक्ती मिशन चालवलं. १८८३ साली त्या ख्रिस्ती झाल्या, १९२२ साली केडगावलाच वारल्या, आणि जगानं त्यांना रमाबाई म्हणूनच ओळखलं. नारायण वामन टिळक १८९५ साली ख्रिस्ती झाले आणि नारायण वामन टिळकच राहिले. उलट बाजूनंही पाहा. शिरूरला कंपनी सरकारची छावणी होती. तिथे १८०९ साली कर्नल वॉलेस वारला. जुन्या पुणे जिल्हा गॅझेटियरमध्ये नोंद आहे की आसपासच्या गावांतले लोक त्याच्या थडग्याला 'सत्पुरुष' म्हणून पूजत, सुगीचं पहिलं धान्य नैवेद्याला आणत. एका फिरंग्याला लोकांनी आपल्या भाषेतलं नाव दिलं आणि आपल्यात घेतलं. आमचा मुद्दा साम्राज्याचं कौतुक करण्याचा नाही. नाव देणं ही आपलं म्हणण्याची क्रिया आहे, एवढंच आम्हाला दाखवायचं आहे.

एक शंका रास्त आहे. मग नावाचा वारसा म्हणजे काहीच नाही का? आहे, आणि तो फार जपण्यासारखा आहे. इटलीत, विशेषतः दक्षिणेत, थोरल्या मुलाला आजोबांचं नाव ठेवायची रीत आहे. आपल्याकडेही आहे. पहिल्या बाजीरावांचं मूळ नाव विसाजी, आजोबा विश्वनाथांवरून आलेलं. संभाजी महाराजांनी, ज्यांची समाधी शिरूर तालुक्यातल्या वढू बुद्रुकला आहे, आपल्या मुलाचं नाव आजोबांवरून शिवाजी ठेवलं होतं. मोगलांच्या कैदेत तो मुलगा वाढला, आणि इतिहासात उरलं ते शाहू हे नाव. पण त्या शाहूंनीच आजोबांचं राज्य पुढे नेलं. वारसा अक्षरांत असता तर तो तिथेच संपला असता. तो साखळीत होता, म्हणून चालला.

तेव्हा श्रोतेहो, मुलाचं नाव ठेवताना पुस्तकातला अर्थ जरूर पाहा, चांगला अर्थ असलेलं नाव ठेवा. पण एक काम आणखी करा. आपल्या स्वतःच्या नावाची साखळी मागे नेऊन पाहा. पाळण्यात ते कोणी सांगितलं, त्याआधी ते घरात कोणाचं होतं, आणि तो शब्द मराठीत कुठून आला. शब्दकोश जवळ ठेवा. फारसी, अरबी, कानडी, संस्कृत, पोर्तुगीज, काय काय निघेल सांगता येत नाही. आणि ते निघाल्यावर शेजारच्या मुलाच्या नावाकडे पुन्हा एकदा पाहा.

पुढच्या व्याख्यानात आडनावं घेऊ. त्यात भांडणं जास्त आहेत, म्हणून वेळ थोडा जास्त ठेवला आहे.